एका फळीवरच्या सहा बहिणी

इंग्लंडहून परत आले तेव्हा शेजारच्या नलूबाईंनी विचारलं, "काय काय पाहिलं?" मी म्हटलं, "म्युझियमची एक खोली, एक दीपगृह आणि रिकामं होत चाललेलं भावाचं घर." त्यांना थट्टा वाटली. नागपुरात तिकडून आलेल्या माणसानं राजवाडा, मोठं घड्याळ आणि बर्फ यांचं वर्णन करायचं असतं. यातलं काहीही मी पाहिलं नाही. लंडन पाहिलं ते विमानाच्या खिडकीतून, तेही अर्धं ढगात. आमच्या प्रवासात मुख्य सामान होतं ते लाकडाच्या सहा पाणबुड्यांचं. त्यांना कुणी एकत्र जागा देतं का, एवढ्यासाठीच आम्ही तो देश उभा कापत दक्षिणेच्या टोकापर्यंत गेलो. ज्यांना राजवाडा हवा असेल त्यांनी इथूनच परत फिरावं.

लेस्टर

माझा भाऊ, म्हणजे दादा, तरुणपणीच नागपूर सोडून गेला. हॉस्पिटलात एक्स-रे काढायचं काम. सुरुवातीला काही महिने लेस्टर, मग काही वर्षं स्कॉटलंडमधलं डंडी, आणि लग्नानंतर पुन्हा लेस्टर ते आतापर्यंत. वहिनी गेली तेव्हा सुजाता, त्यांची एकुलती एक, बालवाडीत होती. त्यानंतर मुलीला वाढवलं ते दादानंच. मराठीही तिनं त्याच्याचकडून घेतली, त्यामुळे बाई चाळिशी उलटली तरी बोलते पुरुषासारखी.

विमानतळावर मला मिठी मारून ती म्हणाली, "आत्या, मी किती वेळ थांबलो! चल, मी गाडी आणतो."

मी सदतीस वर्षं शाळेत भूगोल शिकवला. चूक कानावर पडली की माझा हात आपोआप खडू शोधतो. पण आल्या आल्या कशाला, म्हणून गप्प बसले.

सुजाता लंडनमध्ये ईलिंगला राहते, तिथल्या कौन्सिलमध्ये नोकरी करते. दादाचे गुडघे गेले आणि एका डोळ्यानं दिसेनासं झालं, तेव्हा त्याला आपल्याकडे न्यायचं तिनं ठरवलं. फ्लॅट दोन खोल्यांचा. म्हणजे लेस्टरचं घर आवरायचं, आणि आवरायचं म्हणजे टाकायचं. तिकडे टाकण्याचीही एक सभ्य पद्धत आहे. कपडे, भांडी, पुस्तकं धुऊनपुसून धर्मादाय दुकानात नेऊन द्यायची. ते घेणार नाहीत त्या वस्तू फाटकाबाहेर मांडून वर चिठ्ठी लावायची, की हवं त्यानं न्यावं. वहिनीचा पोळपाट मी त्या फाटकाबाहेर पाहिला. तिकडे पोळपाट कोण नेणार? पावसात दोन दिवस तो फुगत पडला होता. मी उचलून आत आणला तर सुजाता म्हणाली, "आत्या, प्लीज, आपण हे सगळं डिसाइड केलं आहे."

बैठकीच्या खोलीत गॅसच्या शेगडीवर दोन फळ्या होत्या. वरच्या फळीवर बुद्धमूर्ती. खालच्या फळीवर ओळीनं सहा पाणबुड्या, प्रत्येकी हातभर लांब, न रंगवलेल्या पिवळसर लाकडाच्या. प्रत्येकीच्या पायथ्याशी पितळेची चिमुकली पट्टी आणि पट्टीवर नाव. मिनेर्व्ह, ज्युनों, व्हेनूस, ईरीस, पालास, सेरेस. सहाही जुन्या ग्रीक-रोमन देवींची नावं. फोटोत मी त्या पुष्कळदा पाहिल्या होत्या, आणि फोनवर त्यांच्याबद्दल इतकं ऐकलं होतं की कधीकधी मी फोन टेबलावर ठेवून फोडणी देऊन यायची.

"या सहा कशाला रे?" मी त्या संध्याकाळी पहिल्यांदा नीट विचारलं. दादानं माझ्यासाठी सावजी मटण रांधलं होतं. तिथल्या बेलग्रेव्ह रोडवर, आपल्या लोकांच्या दुकानांत, सगळं जग मिळतं, पण आपल्या चवीचा मसाला मिळत नाही. तो मसाला मीच पिशवीतून नेला होता.

"काहून म्हंजे? वर्ग आहे तो," दादा म्हणाला. त्याचं नागपुरी इतक्या वर्षांत तसंच्या तसं राहिलंय, फ्रीजमध्ये ठेवल्यासारखं. "एका नकाशावर बांधलेल्या. सहाच्या सहा सारख्या. आता तूच सांग, यातली कोनती कोनती ते पट्टी न वाचता."

मला सांगता आलं नाही. मग त्यानं सेरेस उचलून माझ्या हातात दिली. शेपटीजवळ लाकडाची काळी गाठ होती. "एवढी एकच ओळखू येते. हिचं धड मॉरिसनं कोरलं. बाकीच्या माह्या."

मॉरिस हा दादाचा डंडीचा घरमालक. फ्रेंच खलाशी, युद्धानंतर तिथल्याच मुलीशी लग्न करून राहिलेला. नव्या शहरात दादाला खोली देणारा तो पहिला. दुसऱ्या महायुद्धात तो मिनेर्व्हवर होता. त्याचा धाकटा भाऊ सेरेसवर. आणि युद्धानंतर एकदा भांडल्यावर या दोन भावांनी मरेपर्यंत एकमेकांशी एक शब्दही काढला नाही.

महामार्ग

दादानं मला त्याचं कारण सांगितलं ते गाडीत. मागच्या सीटवर मी, माझ्याशेजारी दोन खोकी, प्रत्येकात जुन्या टॉवेलात गुंडाळलेल्या तीन तीन बहिणी. माझ्या अंगावरून पट्टा आणि खोक्यांवरूनही पट्टा. पुढं दादा मान न वळवता सांगत होता.

फ्रान्स पडलं त्या उन्हाळ्यात मिनेर्व्ह आणि ज्युनों उत्तरेकडच्या शेर्बुर बंदरात दुरुस्तीला लागलेल्या होत्या. जर्मन आले म्हटल्यावर त्यांना दोर बांधून ओढत समुद्र ओलांडून इंग्लंडात प्लिमथला आणलं. मित्राचं घर म्हणून. काही दिवसांनी पहाटे त्याच मित्राचे सैनिक बंदुका घेऊन बोटींवर चढले, झोपलेल्या खलाशांना उठवलं आणि उतरा म्हणाले. कारण काय, तर या बोटी जर्मनांच्या हाती लागायला नकोत. पुष्कळसे खलाशी रागानं मायदेशी परतले. थोडे थांबले. मॉरिस थांबला. त्या दोन बोटी स्वतंत्र फ्रान्सच्या नव्या झेंड्याखाली डंडीहून नॉर्वेच्या पाण्यात लढल्या.

"आणि बाकी चार?" मी विचारलं.

बाकी चार भूमध्य समुद्राच्या बाजूला होत्या. शरण गेलेल्या सरकारच्या हाताखाली. दोन वर्षांनी दोस्तांचं सैन्य आफ्रिकेत उतरलं तेव्हा ओरानच्या बंदरात पालास आणि सेरेस यांना त्यांच्याच खलाशांनी बुडवलं. दक्षिण फ्रान्समधल्या तूलाँच्या बंदरात जर्मन शिरले तेव्हा व्हेनूसलाही तिच्याच लोकांनी बुडवलं. ईरीस निसटली ती स्पेनला पोचली आणि तिथं युद्ध संपेपर्यंत अडकून पडली.

आपल्याकडच्या वर्तमानपत्रात बोट बुडाली की तिला जलसमाधी मिळते. मी ते म्हणाले तर दादा एकदम चिडला.

"समाधी कायची व? सोताच्या हातानं झडपा उघडायच्या आन घर पान्यात सोडायचं. मॉरिसच्या भावानं झडप उघडली होती. तो गावी परतला तं लोक म्हनत, भेकड. मॉरिस गावी भेटीले गेला तं लोक म्हनत, गद्दार. इंग्रजांची भाकर खाल्ली. दोघंही एकमेकाले तेच म्हनाले. पुरं झालं."

मॉरिसनं म्हातारपणी दादाला लाकूड कोरायला शिकवलं. पहिली घेतली ती भावाची सेरेस. धड झालं आणि त्याचे हात थरथरायला लागले. तेव्हा दादाकडून त्यानं कबूल करून घेतलं की सहाही पुऱ्या करायच्या आणि एका फळीवर ठेवायच्या. जिवंतपणी भाऊ शेजारी बसला नाही, निदान बोटी बसू देत. दादानं ते केलं. नोकरी, पोरीच्या वेण्या, विहारातली कामं हे सगळं सांभाळून, वर्षानुवर्षं. आता फळीच जात होती.

मध्येच सुजाता म्हणाली, "बाबा, तुम्ही एक्साइट होऊ नका. आपण सर्व्हिसेसला थांबू या, मी कॉफी घेतो."

महामार्गावरच्या त्या थांब्याला सर्व्हिसेस म्हणतात. तिथं कुणी कुणाशी बोलत नाही आणि चहा कागदाच्या पेल्यात इतका गरम देतात की तो निवेपर्यंत निघायची वेळ होते. मी घरून थालीपीठ नेलं होतं. सुजातानं ते आधी इकडेतिकडे पाहत आणि मग चवीनं खाल्लं.

म्युझियम

दक्षिण किनाऱ्यावरच्या त्या छोट्या गावाचं नाव मी देत नाही. म्युझियम तिथल्याच हौशी लोकांनी चालवलेलं. जुन्या गोदामात, नीटनेटकं, दारात फुलांच्या कुंड्या. दादाचा त्यांच्याशी ईमेल झाला होता आणि त्यांचं उत्तर त्याला पाठ होतं. "वुई वुड लव्ह टु हॅव अ लुक ॲट देम." लेस्टरपासून त्यानं ते मला तीन वेळा म्हणून दाखवलं होतं. "लव्ह लिहिलंय त्यायनं, छाया. लव्ह."

आता याचं सरळ मराठी काय होतं? बघू. इतकंच. लग्नाच्या बोलणीत मुलाकडचे "बघू" म्हणाले की आपण पोहे आवरून उठतो. वर्गणी मागायला आलेल्या पोरांना आपण "बघू" म्हणतो आणि पोरं दुसऱ्या दाराकडे वळतात. आपल्या सगळ्या जन्मात हा शब्द होकार म्हणून कुणी ऐकलेला नाही. दादानं तो मराठीत ऐकला असता तर खोकी बांधलीच नसती. पण इंग्रजीत आला, प्रेमाचा शब्द पुढं लावून आला, आणि आयुष्य तिकडे काढलेला माझा भाऊ फसला. मलाही तेव्हा कळलं नाही. हे शहाणपण परतीच्या विमानातलं.

ज्युडिथ नावाच्या बाईंनी आमचं स्वागत केलं. पांढरे आखूड केस, गळ्यात चष्मा. मी नेलेली संत्रा बर्फी त्यांनी दोन्ही हातांनी घेतली, "हाउ लव्हली" म्हणाल्या आणि न उघडता बाजूला ठेवली. चहा आला. मग निळे हातमोजे चढवून त्यांनी सहाही बोटी एकेक करून टेबलावर मांडल्या. खरंच प्रेमानं. खालून पाहिल्या, उजेडात धरून पाहिल्या, सुकाणूवरून बोट फिरवलं. दादा बाजूला लग्नातल्या मुलीच्या बापासारखा उभा होता.

"ब्यूटिफुल वर्क," त्या म्हणाल्या. आणि मिनेर्व्ह व ज्युनों उचलून आपल्या बाजूला घेतल्या. "या दोन आम्हाला खरोखर हव्याच आहेत. आमच्याकडे त्यांचा एक कोपरा आहेच."

"आणि या चार?" दादानं इंग्रजीत विचारलं.

त्यांनी मान थोडी तिरपी केली. तिकडे वाईट बातमी मान तिरपी करून देतात. त्यांच्या म्हणण्याचा अर्थ असा, की आम्ही फक्त इथल्या किनाऱ्याशी संबंध असलेल्या वस्तू ठेवतो, जागा फार थोडी, आणि शिवाय बाकीच्या जरा अवघड. "त्या, म्हणजे, दुसऱ्या बाजूला होत्या ना. या दोन आमच्याकडे आल्या."

"आल्या नाहीत," दादा म्हणाला. आवाज चढला नाही, पण मला त्याची ताठ झालेली मान दिसत होती. "ओढून आणल्या. मग तुमच्या सैनिकांनी बंदुका दाखवून घेतल्या. ही शेर्बुरला होती, ती ओरानला होती. एवढाच फरक आहे. बाजू कुठली, हे बंदरानं ठरवलं."

"आय डू सी," ज्युडिथबाई म्हणाल्या. "इट वॉज ऑल व्हेरी कॉम्प्लिकेटेड."

त्या वाईट नव्हत्या. हेच मला सहन होत नव्हतं. कुणी हाकलून दिलं असतं तर निदान दोन शब्द सुनावता आले असते. इथं चहा होता, बिस्किटं होती, हातमोजे होते, आणि सहा बहिणींतल्या दोघींना आत ये म्हणून चौघींना दारात उभं केलं होतं. आणि हे निवडणं त्यांना निवडणं वाटतच नव्हतं, त्यांच्या हिशेबी ते फक्त आवरणं होतं.

सुजाता माझ्या कानाशी म्हणाली, "आत्या, दोन तरी घेत आहे ना ते? बाबाला सांग. फ्लॅटमध्ये मी सहा कुठे ठेवू?"

दादानं ते ऐकलं. त्यानं ज्युडिथबाईंच्या बाजूच्या दोन बोटी उचलल्या आणि टॉवेलात गुंडाळल्या. "ऑल सिक्स, मॅडम. ऑर नन."

"ऑफ कोर्स," त्या म्हणाल्या. "डू थिंक अबाउट इट" असं काहीतरी म्हणत दारापर्यंत सोडायला आल्या. बर्फीचा डबा आतच राहिला.

पोर्टलंड बिल

तिथून पोर्टलंड जवळच. मुख्य भूमीला गोट्यांच्या एका लांबलचक पट्टीनं जोडलेला खडकाळ तुकडा, आणि त्याच्या टोकाला पांढऱ्या अंगावर लाल पट्टा ओढलेलं दीपगृह. त्या टोकाला पोर्टलंड बिल म्हणतात. दादाला हे मला दाखवायचंच होतं, म्युझियममध्ये काहीही झालं तरी.

वारा असा, की गाडीचं दार उघडताच सुजाताच्या हातून निसटलं आणि बिजागरी कुरकुरली. ती इंग्रजीत जे म्हणाली ते मी इथं लिहीत नाही. आम्ही खेकड्याची सँडविचं घेतली. मी पहिला घास घ्यायच्या आत एक सीगल खांद्यावरून आला आणि अर्धं सँडविच घेऊन गेला. गेले काही तास आम्ही तोंडं आवळून बसलो होतो, त्यामुळे तिघंही हसलो. तेवढंच.

दादा पश्चिमेकडच्या खडकांपाशी थांबला. खाली पाणी दोन बाजूंनी येऊन एकमेकांवर आपटत होतं. "इथं फुटली मिनेर्व्ह," तो म्हणाला. "युद्ध संपल्यावर. पूर्ण युद्ध काढलं तिनं, नॉर्वेची थंडी काढली. एकदा तं दोस्तांच्याच विमानानं बॉम्ब टाकले तिच्यावर, शत्रू समजून. तरी मेली नाही. मग शांतता झाली, तिले मायदेशी ओढत नेऊन राह्यले होते, दोर तुटला, आन इथं येऊन आपटली."

"बाबा, तो कुठे फुटला? या साइडला?" सुजातानं विचारलं.

"तो नाही, ती," मी म्हणाले. दिवसभराचा राग त्या एका शब्दावर निघाला. "पाणबुडी ती असते. आणि तू आलो, गेलो, करतो काय म्हणतेस? बाई आहेस ना?"

तिनं माझ्याकडे पाहिलं. वाऱ्यानं केस तोंडावर आले होते, ते तिनं बाजूला केले. "आत्या, घरात बाईसारखं बोलायला कोण होतं? मला बाबाच ऐकू येत होता. तू होतीस का?"

मी नव्हते. आणि का नव्हते, ते मला सांगावंसं वाटलं. दादा गेल्यावर घरी आई होती, बाबा होते, बाबांचा दमा होता. एकानं जायचं म्हणजे दुसऱ्यानं राहायचं. मी दादाकडे वळून म्हणाले, "मॉरिसचं कौतुक तू आयुष्यभर सांगितलंस. लढणाऱ्या बोटीवरचा म्हणून. जो मागं राहिला त्याचं काय झालं? आई गेली तेव्हा तू फोनवर होतास. तिला उचलायला मी होते. नागपुरात सगळ्यांच्या तोंडी तू. परदेशातला मुलगा, किती मोठा झाला. मला कोण विचारतं? मी त्या दुसऱ्या बाजूची."

दादा पाण्याकडे वळला. म्हणाला, "म्हनूनच तं सहा केल्या, छाया."

मला रडू आलं नाही, राग आला. लाकडाच्या बोटी करून कुणाची भरपाई होते? मी तसं म्हणालेही. मग आम्ही गाडीत जाऊन बसलो, आणि सुजातानं हीटर लावला.

राहायला गावातल्या एका बाईंच्या घरी दोन खोल्या घेतल्या होत्या, सकाळच्या न्याहारीसकट. संध्याकाळी दादा आपली खोकी खोलीत घेऊन गेला. जेवायला हाक मारायला गेले तर तो खिडकीशी टेबलावर वाकलेला, चांगला डोळा जवळ नेऊन काहीतरी करत होता. घरमालकीण मला म्हणाली, तुमच्या भावानं माझ्याकडून नखांची कानस आणि बारीक चिमटा मागून नेलाय. मला वाटलं, वाटेत हिसका बसून काही निखळलं असेल.

परतीची वाट

सकाळी न्याहारीला गोड रश्शातल्या सोयाबीनसारखं काहीतरी आणि भाजलेले टोमॅटो होते. दादानं सगळं खाल्लं, नॅपकिननं तोंड पुसलं आणि सुजाताला म्हणाला, "म्युझियमवरून घे. दोन देऊन टाकतो."

सुजाताचा चेहरा इतका मोकळा झाला की मला तिची दया आली आणि दादाची चीड. "काल सहा नाहीतर एकही नाही म्हणालास," मी म्हणाले. "मॉरिसला कबूल केलंस ते?"

"तू गाडीतच बस," तो म्हणाला.

तो एक खोकं घेऊन एकटा आत गेला. काचेतून मला दिसत होतं. ज्युडिथबाई धावत पुढं आल्या. हातमोजे आले. दोन्ही बोटी त्यांनी पुन्हा उचलून, फिरवून पाहिल्या, मान डोलावली. दादाच्या खांद्यावर हात ठेवला. तो बाहेर आला तेव्हा त्याच्या हातात माझा बर्फीचा डबा होता, अर्धा रिकामा. खाल्ली होती तर.

गाडी निघाली. सुजातानं रेडिओ लावला आणि थोड्या वेळानं बंद केला. वाटेत एका वळणावर गाडी जोरात कलली आणि माझ्याशेजारचं खोकं उपडं झालं. टॉवेल सुटला. मी आतली बोट उचलून पुन्हा गुंडाळायला लागले. पट्टीवर नाव होतं सेरेस. पट्टीच्या कडेला ताज्या गोंदाचा थेंब होता, बोटाला चिकटला.

मी शेपटीजवळ पाहिलं. बोट उलटी करून पाहिली. लाकूड स्वच्छ होतं.

"दादा," मी म्हणाले, "ही सेरेस नाही."

"नाही."

"मग ही कोण?"

"ज्युनों."

"आणि सेरेस?"

"मिनेर्व्हच्या बाजूले. काचेच्या आत." तो समोर रस्त्याकडे पाहत होता. "पट्टी ज्युनोंची लावली. त्यायनं नीट पाह्यली. गाठीवरून बोट फिरवलं. म्हने, लव्हली ग्रेन. लाकडाच्या रेषा छान, म्हने."

सुजातानं आरशातून माझ्याकडे पाहिलं. तिला सगळं कळलं की नाही, मला सांगता येत नाही. ती म्हणाली, "बाबा, पण हे फ्रॉड आहे."

"आहे," दादा म्हणाला. मग पहिल्यांदाच मान वळवून त्यानं माझ्याकडे पाहिलं. "लेस्टरले पहिल्यांदा आलो नं, तवा खोली पाहत फिरलो. आपल्याच लोकायची घरं. दारात आडनाव विचारायचे. खरं सांगितलं तिथं खोली नुकतीच गेलेली असायची. मग एका ठिकानी दुसरंच सांगितलं. आईच्या शाळेतल्या हेडमास्तरायचं. लगेच चाबी दिली, देवघर दाखवलं, ताटात वाढलं. मी जेवलो. सहा-सात महिने त्या नावानं राह्यलो. मंग एप्रिलात भिंतीवर फोटो लावला, निळ्या कोटातला. दुसऱ्या दिवशी सामान बाहेर. म्हनून डंडी. तुमाले कोनाले सांगितलं नाही."

सुजातानं गाडी डाव्या मार्गिकेत घेतली आणि वेग कमी केला. बराच वेळ मागून येणाऱ्या गाड्या आम्हाला ओलांडत होत्या.

मी त्या घरांचा विचार करत होते, देवघराचा, आणि ताटाचा. बाबांना तो दर महिन्याला पत्र लिहायचा, खोली छान आहे, माणसं आपली आहेत. बाबा ते पत्र वस्तीत वाचून दाखवायचे. मला त्या माणसांचा राग आला, बाबांना फसवल्याबद्दल दादाचा आला, आणि फसवण्यावाचून त्याला दुसरं काही ठेवलं नव्हतं याचा सगळ्यात जास्त आला. एवढं सगळं होऊनही माझ्या मांडीवर ज्युनों होती. सेरेसला आत बसवायचं म्हणून जिला बाहेर काढलं ती.

"हिचं काय चुकलं होतं रे?" मी विचारलं.

"काई नाही," दादा म्हणाला. "जागा दोनच होत्या."

व्हेनूस, ईरीस आणि पालास आता ईलिंगच्या फ्लॅटमध्ये कपाटावर आहेत, खोक्यात. दादा तिथंच पुढच्या खोलीत झोपतो. सुजातानं मागच्या महिन्यात म्युझियममध्ये जाऊन फोटो काढून पाठवला. काचेच्या आत दोघी जवळजवळ ठेवल्या आहेत, वरून दिवा सोडलाय, आणि खाली छापलंय की या दोन बोटींनी स्वातंत्र्याची बाजू निवडली. दादानं तो फोटो मोठा करून पाहिला म्हणे, आणि चष्मा पुसायला लागला.

ज्युनों मी नागपूरला आणली. माझ्या पुढच्या खोलीत टीव्हीशेजारी ठेवली आहे, सेरेसची पट्टी तशीच ठेवून. येणारे विचारतात, हे काय? मी सांगते, फ्रेंच पाणबुडी, सेरेस, हिला तिच्याच लोकांनी बुडवलं. पहिल्या वेळी सांगताना जीभ अडखळली होती. आता अडखळत नाही.